पडद्यावरचे केस आणि त्यांवरचा हात

मोकळे केस म्हणजे बंडखोर, लांब वेणी म्हणजे सोज्वळ, आखूड केस म्हणजे शहरी आणि उद्धट, अंबाडा म्हणजे सासू. हा कोश हिंदी सिनेमानं रुजवला आणि मालिकांनी तो घरोघर पोचवला. 'कुछ कुछ होता है' (1998) मधली अंजली आखूड केसांत असते तोवर नायकाची दोस्त असते. केस वाढवून साडीत आली की प्रेमाला पात्र ठरते. सातारा, वाई, कऱ्हाड, सांगली, मिरज या पट्ट्यात हल्ली लघुपट करणारी बरीच तरुण मंडळी आहेत आणि त्यांच्या पटकथांतही हा कोश जसाच्या तसा उतरतो. मुलगी गावातून पुण्याला गेली की पहिल्याच दृश्यात केस मोकळे! कोश सोयीचा आहे यात वाद नाही, पण त्यातून प्रेक्षकाला काहीही नवं कळत नाही.

पडद्यावर केस खरोखर बोलतात ते दोन गोष्टींमुळे. एक, केसांत काय बदललं. आणि दोन, तो बदल कोणाच्या हातून झाला. हिचकॉकच्या 'व्हर्टिगो'त (1958) नायक एका बाईला मेलेल्या बाईसारखं दिसायला लावतो. कपडे होतात, केस सोनेरी होतात, तरी ती केस मोकळे ठेवूनच समोर येते. तो हट्ट धरतो, ती परत आत जाते आणि तोच अंबाडा घालून येते. अंबाडा तोच असतो, पण आधी तो मोहक वाटत होता आणि आता तो पाहताना अंगावर काटा येतो, कारण तो कोणाच्या इच्छेनं बांधला गेलाय हे आपल्याला ठाऊक असतं. केसांच्या दृश्याची पटकथा लिहिताना वेणी की अंबाडा हे नंतर ठरवावं. त्या केसांना या प्रसंगात कोणाचा हात लागणार आहे, हे आधी लिहावं.

आपल्याकडे या विचाराचं मूळ फार जुनं आहे. द्यूतसभेत दुःशासन द्रौपदीचे जे केस धरतो, ते राजसूय यज्ञाच्या अवभृथस्नानात, म्हणजे यज्ञ संपतानाच्या स्नानात, मंत्रजलानं न्हालेले केस आहेत असं महाभारत मुद्दाम सांगतं. भट्टनारायणाच्या 'वेणीसंहार' नाटकाचा तर सगळा डोलाराच सुटलेल्या केसांवर उभा आहे. रक्तानं माखलेल्या हातांनी भीम ते केस बांधतो, तेव्हाच नाटक संपतं. अशोकवनातली सीता रामायणात एकवेणी आहे, विरहात तिनं केसांची निगा सोडलीय. एकाच परंपरेत केस सुटणं म्हणजे अपमान, न विंचरणं म्हणजे विरह, बांधणं म्हणजे सूड पुरा होणं. मोकळे केस म्हणजे स्वातंत्र्य हा अर्थ त्यामानानं अलीकडचा आहे. आपला प्रेक्षक हे सगळे थर मनात घेऊनच बसलेला असतो. दिवेलागणीला केस मोकळे सोडून उंबऱ्यात उभी राहू नको, हे ऐकलेली आजी पहिल्या रांगेत असते हे विसरू नये.

केस धरून ओढण्याचं दृश्य करायचं असेल तर आधी सुरक्षेचं. मारणाऱ्यानं मूठ केसांत घट्ट रोवायची नाही. ती डोक्यावर नुसती टेकवायची. नटीनं दोन्ही हातांनी त्याचं मनगट धरून ते आपल्या डोक्यावर दाबून ठेवायचं आणि मान, खांदे, पाय तिनंच हलवायचे. वेग आणि दिशा तिच्या ताब्यात राहते आणि पडद्यावर मात्र तोच ओढतोय असं दिसतं. खऱ्या ओढण्यात मानेला हिसका बसतो, शिवाय नटी सावध होऊन अंग आखडते आणि दृश्यही खोटं होतं. गंगावन (वरून जोडलेले केस) किंवा विग असेल तर या दृश्यात तो भाग हाताच्या पकडीपासून लांब ठेवा, नाहीतर ऐन संवादात केस मुठीत येतात.

रंगभूमीवरचा बाईचा केशसंभार आपल्याकडे मुळात पुरुषांच्या डोक्यावर उभा राहिला. 1843 मध्ये सांगलीत विष्णुदास भाव्यांनी 'सीतास्वयंवर' केलं तेव्हा स्त्रीभूमिका पुरुषच करत होते. 1913 च्या 'राजा हरिश्चंद्र'मध्ये फाळक्यांना तारामती मिळाली तीही अण्णा साळुंके यांच्या रूपात. पलूस तालुक्यातलं नागठाणे हे बालगंधर्वांचं गाव. त्यांची नेसण आणि गजरा माळण्याची तऱ्हा घराघरांतल्या बायकांनी उचलली. पुरुषानं रंगवलेल्या बाईवरून बायका सजू लागल्या. पण 1937 मध्ये 'साध्वी मीराबाई'त तेच बालगंधर्व मीरा म्हणून पडद्यावर आले तेव्हा ती जादू चालली नाही. नाट्यगृहात विगची कड झाकायला दहा-पंधरा फुटांचं अंतर आणि मंद उजेड असतो. कॅमेरा जवळ येतो, आणि कपाळावर केस सुरू होतात ती रेष सगळं सांगून टाकते.

ही रेष म्हणजे विगकामाचा जीव. खऱ्या केसांची सुरुवात कधीच सरळ नसते. पुढे बारीक, विरळ, निरनिराळ्या दिशांना वळलेली लव असते आणि मग दाट केस. म्हणून जवळच्या चौकटींसाठी पुढची कड जाळीची असलेला विग लागतो, ज्यात एकेक केस सुईनं गाठ मारून बसवलेला असतो. असा विग महाग पडतो. तो परवडत नसेल तर सोपा उपाय आहे. पुढचे दोन-तीन बोटं रुंदीचे केस नटीचे स्वतःचेच ठेवायचे, विग किंवा गंगावन त्यांच्या मागे बसवायचं आणि पुढचे केस त्यावरून मागे विंचरून सांधा झाकायचा. रंग जुळवताना टोकांशी जुळवू नका, मुळांशी जुळवा. टोकं उन्हानं तांबूस झालेली असतात, त्यामुळे सांध्यावर फरक उमटतो.

आता ज्या दृश्याबद्दल सगळ्यात जास्त लिहावंसं वाटतं ते. आईनं मुलीची वेणीफणी करणं. मराठी घरात रोज सकाळी घडणारी ही गोष्ट सिनेमासाठी अक्षरशः तयार करून ठेवलेली आहे. आई पायरीवर किंवा खाटेवर, मुलगी तिच्या पुढ्यात खाली. दोघींची तोंडं एकाच दिशेला. कॅमेरा समोर ठेवला की दोन्ही चेहरे एकाच चौकटीत मिळतात, आणि दोघींना मात्र एकमेकींचा चेहरा दिसत नाही. जे डोळ्याला डोळा भिडवून बोलता येत नाही ते इथे बोलता येतं. स्थळ आलं आहे, शाळा बंद होणार आहे, बाबांनी काल काय केलं, असलं सगळं या बैठकीत सांगितलं जातं. आणि संवादाची गरजही कमी लागते, कारण आईचा हात बोलतो. कंगवा अडला की ती थांबते का, की ओढते? गुंता सोडवताना मुळापाशी केस धरून ठेवते का, म्हणजे मुलीला दुखणार नाही? वेणी घालता घालता बातमी ऐकली की पेड घट्ट आवळला जातो, मुलगी "आई गं" म्हणते, आणि त्या दोन शब्दांत दृश्य पुरं होतं.

हे दृश्य फसतं ते बहुधा तीन कारणांनी. पहिलं, नटीला वेणी घालता येत नाही. तिपेडी वेणी बोटांच्या सवयीनं होते, बघत बघत केली की संवाद मरतो. आईचं काम करणारीनं त्याच मुलीच्या केसांवर आठवडाभर रोज वेणी घालावी, केसांची लांबी आणि जाडी हाताला कळावी. दुसरं, क्रम. आधी तेल, मग जाड दातांच्या कंगव्यानं टोकांकडून वर वर येत गुंता सोडवणं, मग बारीक दातांच्या फणीनं उवा-लिखांसाठी, मग भांग, मग पेड. मालिकांत मुळापासून सरळ खाली कंगवा फिरतो, तसा तो गुंत्यातून खऱ्या आयुष्यात कधी फिरत नाही. तिसरं, कंटिन्युइटी, म्हणजे एका चौकटीचा पुढच्या चौकटीशी मेळ. वेणी अर्धी झालेली असताना क्लोज-अप घ्यायचा तर कितवा वळसा होता हे लिहून ठेवावं लागतं. सरळ उपाय म्हणजे संवादाच्या ठरलेल्या ओळीला ठरलेला पेड. "मास्तर काय म्हणाले" याला भांग पूर्ण, "मी जाणार नाही" याला रिबीन. शक्य असेल तर दोन कॅमेरे लावून एका दमात घ्या.

शाळकरी मुलीच्या दोन वेण्या, वर दुमडून रिबिनीनं बांधलेल्या. रिबिनीचा रंग शाळेशाळेत वेगळा असतो. ज्या गावात चित्रीकरण करताय तिथल्या शाळेचा रंग विचारून घ्या, नाहीतर पहिलाच खेळ गावात लावला की मुलं ओरडून सांगतात. दोन वेण्यांची एक वेणी होणं हे आपल्याकडे वयात येण्याचं चिन्ह आहे आणि ते कुणी बोलून दाखवत नाही. पटकथेत वयाची तीन पानं वाचवणारी ही गोष्ट आहे.

तेलाबद्दल थोडं. गावातली बाई दाखवायची आणि केस शाम्पू केलेले, फुललेले, हा आपल्या पडद्यावरचा सर्रास दोष आहे. तेल लावलेले केस डोक्याला चिकटून बसतात, भांग रुंद दिसतो, उजेड पट्ट्यासारखा परततो, आणि चेहरा जास्त उघडा पडतो. अर्थ इथेच बदलतो. फुललेले केस चेहऱ्याला महिरप देतात, तेलकट केस ती काढून घेतात. मात्र खोबरेल 24 अंशांच्या खाली गोठायला लागतं. डिसेंबर-जानेवारीत मेणवलीच्या घाटावर किंवा महाबळेश्वरच्या वाटेवर पहाटेचं चित्रीकरण असेल तर केसांत पांढरे कण दिसू लागतात आणि जवळच्या चौकटीत तो कोंडा वाटतो. अशा वेळी न गोठणारं हलकं तेल किंवा जेल वापरा. तेही कपाळाच्या कडेपासून बोटभर मागे, कारण विगचा गोंद तेलावर धरत नाही.

गावाकडच्या बाईचा अंबाडा पिनांवर उभा नसतो. केस मागे घेऊन पीळ द्यायचा, मानेच्या खळग्यावर वेटोळं करायचं आणि टोक आत खोचायचं, झालं. असा अंबाडा मानेच्या एका हिसक्यानं सुटतो, आणि दृश्यात तो सुटायला हवा असेल तर हीच पद्धत लागते. केस किमान पाठीच्या मध्यापर्यंत हवेत आणि आदल्या दिवशीचे तेलाचे. ताजे धुतलेले केस निसटतात आणि वेळेआधीच सुटतात. पिना मारून, आत गोळा भरून केलेला गोल गरगरीत अंबाडा विमानातल्या कर्मचाऱ्यांना शोभतो. म्हातारीचा बुचडा तर लिंबाएवढाच असतो, कारण केस उरलेलेच नसतात. वय दाखवताना नुसते पांढरे केस पुरत नाहीत. भांगाच्या दोन्ही बाजूंना कातडीच्या रंगाचा हात फिरवून भांग रुंद करा, कानशिलांपासून पांढरं सुरू करा, आणि पांढऱ्यात किंचित पिवळट झाक मिसळा. शुद्ध पांढरा कॅमेऱ्यात निळसर दिसतो. आणि भांगभर सिंदूर! मराठी सवाष्ण कपाळावरच्या कुंकवानं ओळखली जाते. सातारच्या सुनेच्या भांगात नाकापर्यंत शेंदूर ओढणं हे सरळ उसनं आहे, ते टाळा.

मोगऱ्याचा गजरा दिव्यांखाली काही तासांत पिवळा पडतो, कडा तपकिरी होतात. सकाळी एक आणि दुपारी एक असे गजरे आणले तर दोन्हींच्या कळ्या वेगळ्या उमललेल्या असतात. कळ्यांचेच गजरे घेऊन ओल्या कापडात, बर्फाच्या डब्यात ठेवा आणि दर दोन तासांनी बदला. अबोली जास्त टिकते. कोमेजलेला गजरा कथेसाठी हवा असेल तर तो आदल्या दिवशी करून ठेवावा लागतो, उन्हात तापवलेला गजरा वाळतो, कोमेजत नाही.

वाऱ्याचं एक सांगायचंय. कासच्या पठारावर किंवा चाळकेवाडीच्या पवनचक्क्यांपाशी मोकळ्या केसांचं दृश्य घेण्याचा मोह सगळ्यांना होतो. समोरासमोरच्या दोन पात्रांत एकीचे केस डावीकडे उडत असतील तर कॅमेरा उलट्या बाजूला गेल्यावर ते उजवीकडे उडायला हवेत. वारा दुपारी फिरतो आणि संकलनात दोघी वेगवेगळ्या गावात उभ्या असल्यासारख्या दिसतात. म्हणून दोन्ही बाजूंचे क्लोज-अप लागोपाठ घ्या.

विधवेच्या केशवपनाकडे येऊ. इथे हात नाभिकाचा आणि इच्छा समाजाची. 1890 मध्ये मुंबईतल्या नाभिकांनी सभा घेऊन विधवांच्या डोक्यावर वस्तरा चालवायचा नाही असं ठरवलं. त्यामागे सत्यशोधक विचार होता, आणि त्या विचाराचे जनक जोतीराव फुले यांचं मूळ गाव खटाव तालुक्यातलं कटगुण. ज्याच्या हातात वस्तरा होता त्यानंच नकार दिला, ही घटना अजून पुरेशा ताकदीनं आपल्या पडद्यावर आलेली नाही. कोणीतरी ती करायलाच हवी. दीपा मेहतांच्या 'वॉटर'मध्ये (2005) बालविधवेचे केस सुरुवातीलाच जातात. कल्याणीचे मात्र लांब ठेवले जातात, कारण तिला नदीपार गिऱ्हाइकांकडे पाठवायचं असतं. आणि ती लग्नाचं नाव काढते तेव्हा आश्रमातलीच बाई तिचे केस कापते. केस राखण्यातही दुसऱ्याचीच मालकी असू शकते, हे इतकं स्पष्ट क्वचितच कुणी दाखवलंय.

तांत्रिक बाजू अशी. नटीनं मुंडन करायचं नसेल तर टकलाची टोपी लागते आणि ती नीट बसवायला दोन-तीन तास जातात. लांब केस एका जागी गुंडाळले तर मागे टेंगूळ येतं. जेल लावून ते डोक्याभोवती चपटे पसरवावे लागतात. कडा सुटतात त्या कानामागे आणि मानेवर, घामामुळे. एप्रिल-मेच्या सांगलीत दुपारी हे काम करूच नका. पात्र सतत आलवणाचा (विधवेच्या लुगड्याचा) पदर डोक्यावर घेऊन असेल तर पूर्ण टोपीची गरजच नाही, कपाळ आणि कानशिलांपुरता पुढचा तुकडा पुरतो. खरं मुंडन केलं तर ताजी कातडी चेहऱ्यापेक्षा फिकी असते. रंगभूषाकार ती लगेच चेहऱ्याच्या रंगाची करून टाकतात. पहिल्या दिवसाच्या दृश्यात तसं करू नये. तो फिकेपणाच सांगतो की हे आज घडलंय. केस महिन्याला साधारण एक सेंटिमीटर वाढतात, म्हणजे डोक्यावरची खुंटं हीच कथेची दिनदर्शिका. पंधरा दिवसांनंतरचं दृश्य असेल तर अर्धा सेंटिमीटर दिसायला हवा.

आणि जट. आपल्या भागाशी हे चिन्ह सगळ्यात जवळचं आहे. राजीव पाटलांच्या 'जोगवा'त (2009) सुलीच्या केसांत जट येते आणि तिला यल्लम्माला सोडलं जातं. जट येते ती घाम, तेल, धूळ आणि न विंचरणं यांमुळे. सुरुवात बहुधा मानेवरच्या किंवा टाळूवरच्या छोट्या गुंत्यापासून होते. मग कोणीतरी तो देवीचा कौल ठरवतं, कंगवा आणि कात्री दोन्ही बंद होतात, हळद-कुंकू लागत जातं, आणि गुंता घट्ट, जड दोर होतो. खाली उवा, कोंडा, जखमा. मान दुखते, झोप लागत नाही. साताऱ्याचे डॉ. नरेंद्र दाभोलकर यांनी 1989 मध्ये महाराष्ट्र अंधश्रद्धा निर्मूलन समिती सुरू केली आणि जटमुक्ती हे समितीच्या कार्यकर्त्यांचं चिकाटीचं काम राहिलं आहे. त्यात कात्रीपेक्षा बोलणं जास्त असतं. बाईची भीती, सासूची भीती, "काही झालं तर?" हा प्रश्न. दाट जट विंचरून सुटत नाही, ती मुळाजवळून थोडी थोडी कापत काढावी लागते, आणि त्वचा कुठे सुरू होते हे बोटांनी चाचपत जावं लागतं.

पडद्यासाठी जट तयार करताना नटीच्या स्वतःच्या केसांत उलटा कंगवा आणि गोंद असला उद्योग कधीही करू नका. तो परत सुटत नाही. कृत्रिम केस गरम पाण्यात चोळून घट्ट करा, कापडी पट्टीवर शिवा, मातकट तपकिरी छटा द्या, मुळाशी हळद आणि भेगांत कुंकू भरा. नवं कोरं काळं गुळगुळीत वेटोळं ठेवलं तर ते विगच वाटतं. आत वजनासाठी कापड भरा, म्हणजे नटीची मान आपोआप तिरपी राहील. तो तिरपेपणा अभिनयातून आणणं अवघड आहे. जट निघाल्यावर हात आधी मानेकडे जाऊ द्या, आरशाकडे नंतर.

केस खरोखर कापायचे असतील, ड्रायरच्या 'द पॅशन ऑफ जोन ऑफ आर्क'मध्ये (1928) नायिका फाल्कोनेतीचे कॅमेऱ्यासमोर कापले गेले तसे, तर दुसरी संधी नाही. लांब केसांची सगळी दृश्यं आधी संपवा आणि संपली याची लेखी यादी दिग्दर्शकाकडून घ्या. किमान दोन कॅमेरे लावा, एक चेहऱ्यावर, एक हातावर. पहिली कातर कुठे बसणार ते ठरवा. मानेमागची बट आधी कापली तर चेहऱ्याजवळचे केस शेवटच्या क्षणापर्यंत राहतात. केस कोरडे असावेत, म्हणजे कात्रीचा आवाज मिळतो; तो आवाज वेगळाही ध्वनिमुद्रित करून ठेवा. कापण्याआधी वेणीला वरच्या आणि खालच्या टोकाला दोरा बांधा. मुळं एकीकडे आणि टोकं दुसरीकडे राहिली तरच त्या केसांचा पुढे विग करता येतो, आणि एखादं दृश्य राहून गेलंच तर तोच विग कामाला येतो. दिशा मिसळली की केस एकमेकांत अडकतात आणि त्यांचा उपयोग संपतो. चारही बाजूंचे फोटो कापण्याआधी आणि नंतर, तारीख आणि दृश्य क्रमांकासह काढून ठेवा. आणि जमिनीवर पडलेले केस लगेच झाडू देऊ नका, ते कोण उचलतं हेही चित्रित करायचं असतं.